घराची बांधकाम परवानगी नाकारली तर: कलम ४७ चे अपील, पायरी-पायरीने

घराचा प्रस्ताव नामंजूर झाला की दोन सल्ले हमखास मिळतात. पहिला, "साहेबांना एकदा भेटून घ्या." दुसरा, "सरळ हायकोर्टात जा." सल्ला देणाऱ्याने बहुतेक वेळा नामंजुरीचा आदेश वाचलेलाच नसतो. पुष्कळदा ज्याचे घर अडले आहे त्यानेही तो वाचलेला नसतो; अभियंत्याने फोनवर "रिजेक्ट झालं" म्हणून सांगितलेले असते, तेवढ्यावरच धावपळ सुरू होते. पुढचा रस्ता मात्र आदेशातल्या त्या दोन-चार ओळींवर ठरतो. नामंजुरीची काही कारणे कागद जोडून मिटतात, काही नकाशा बदलून मिटतात, काहींसाठी अपीलच लागते आणि काहींवर अपील करणे म्हणजे वेळ आणि पैसा दोन्ही घालवणे असते. कोणते कारण कोणत्या खणातले, हे ओळखले की निम्मे काम झाले.

हा लेख महाराष्ट्रातल्या राहत्या घराच्या परवानगीपुरता आहे. मूळ कायदा महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६, म्हणजे सगळे ज्याला एमआरटीपी म्हणतात तो. त्यातले कलम ४४ अर्जाचे, ४५ निर्णयाचे आणि ४७ अपिलाचे. बांधकामाचे तपशीलवार नियम डिसेंबर २०२० पासून राज्याच्या बहुतेक भागात एकाच नियमावलीत आले आहेत. तिला यूडीसीपीआर म्हणतात. बृहन्मुंबईत ती लागू नाही, तिथे डीसीपीआर २०३४ ही वेगळी नियमावली चालते. काही गिरिस्थाने आणि पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्रेही यूडीसीपीआरच्या बाहेर आहेत. कायदा "नियोजन प्राधिकरण" म्हणतो तेव्हा त्यात महानगरपालिका, नगरपरिषद, नगरपंचायत आणि सिडको किंवा पीएमआरडीए (पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण) यांसारखी प्राधिकरणे येतात. गावठाणातले घर ग्रामपंचायतीच्या कायद्याखाली आणि गावठाणाबाहेरची जमीन महसूल यंत्रणेकडे असू शकते. तिथे दाद मागायची जागा आणि मुदत वेगळी असते, म्हणून आदेशावर कोणाची सही आहे आणि कोणते कलम लिहिले आहे हे सर्वांत आधी पाहा.

हातातला कागद नक्की कोणता?

कार्यालयातून किंवा ऑनलाइन प्रणालीतून येणारा प्रत्येक नकार म्हणजे नामंजुरी नव्हे. "खालील त्रुटींची पूर्तता करावी" असे पत्र आले असेल तर प्रस्ताव अजून जिवंत आहे. त्यावर अपील होत नाही, पूर्तता होते. "प्रस्ताव परत करण्यात येत आहे" ही भाषा मधली आहे आणि तीच जास्त त्रास देते, कारण ती धड त्रुटी नसते आणि धड आदेशही नसतो. अशा वेळी लेखी पत्र देऊन विचारा: हा कलम ४५ खालील नामंजुरीचा आदेश आहे काय? असल्यास कारणांसह आदेश द्यावा, नसल्यास प्रस्तावावर निर्णय घ्यावा. पत्राची आवक-शिक्का मारलेली पोच सांभाळा. पुढे तोच पुरावा.

तिसरा प्रकार लोक विसरतात: अटींसह दिलेली परवानगी. कलम ४७ चे अपील जसे नामंजुरीवर होते तसेच अटींवरही होते. रस्तारुंदीसाठी जागा सोडण्याची किंवा एखादा मजला कमी करण्याची अट मान्य नसेल, तर ती गुपचूप स्वीकारून बांधकाम सुरू करायचे आणि नंतर भांडायचे, हे जमत नाही. मुदतीतच हरकत घ्यावी लागते.

मुंबईकरांसाठी एक खास सूचना. मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ च्या कलम ३४६ खाली मिळणाऱ्या कागदाचे नावच "इंटिमेशन ऑफ डिसअप्रूव्हल", म्हणजे आयओडी. नाव वाचून छातीत धस्स होते, पण तो प्रत्यक्षात अटींची यादी असलेला मान्यतेचाच टप्पा असतो. अटी पूर्ण केल्या की बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्राकडे जाता येते.

चाळीस दिवस

कलम ४७ प्रमाणे आदेश तुम्हाला कळवल्याच्या तारखेपासून ४० दिवसांत अपील दाखल करायचे असते. आदेशावरची तारीख आणि तो तुमच्यापर्यंत पोहोचल्याची तारीख वेगळी असेल तर दुसरी महत्त्वाची. म्हणून पाकीट फेकू नका, टपालाचा शिक्का दिसेल असा त्याचा फोटो काढा. आदेश ऑनलाइन आला असेल तर वास्तुविशारदाच्या लॉगिनमधली तारीख, ईमेल आणि मोबाइलवरचा संदेश यांचे स्क्रीनशॉट ठेवा. वास्तुविशारदाला कळले तेव्हाच तुम्हाला कळले, असे समोरची बाजू म्हणू शकते. त्यामुळे हिशेब सगळ्यात आधीच्या तारखेपासून धरणे शहाणपणाचे.

समजा आदेश ५ मार्चला मिळाला. तो दिवस सोडून मोजले तर ४० वा दिवस १४ एप्रिल, म्हणजे आंबेडकर जयंतीची सुट्टी. अशा टोकावर जायचेच नाही. या कलमात विलंब माफ करण्याची तरतूद लिहिलेली नाही, त्यामुळे "आजारी होतो", "वकील बदलला" ही कारणे किती चालतील याची हमी कोणी देऊ शकत नाही. आयुक्तांना दिलेला पुनर्विचाराचा अर्ज, लोकप्रतिनिधीचे पत्र, जनता दरबारातले निवेदन, यांपैकी कशानेही ही मुदत थांबत नाही. ते सगळे करायला हरकत नाही, पण अपिलाचा मसुदा बाजूला तयार होत राहिला पाहिजे.

कारणे सुटी करा

कलम ४५ नियोजन प्राधिकरणाला बांधून घालते: परवानगी नाकारायची किंवा तिला अटी घालायच्या तर त्याची कारणे आदेशातच लिहिली पाहिजेत. एक कोरा कागद घ्या आणि आदेशातले प्रत्येक कारण वेगळ्या ओळीवर उतरवा. "सबब प्रस्ताव नामंजूर" या शब्दांआधी एका लांबलचक वाक्यात तीन-चार कारणे कोंबलेली असतात, ती सोडवा. प्रत्येकासमोर नियमाचा क्रमांक लिहा. आदेशात नियमच दिलेला नसेल तर तसे लिहा, तो तुमचा पहिला मुद्दा होऊ शकतो. मग प्रत्येक कारण पुढच्यांपैकी कोणत्या खणात बसते ते पाहा.

कागदांची कमतरता. सातबारा किंवा मालमत्ता पत्रकावर नाव चढलेले नाही, मोजणी नकाशाची क प्रत जुनी आहे, सहहिस्सेदाराची संमती नाही, रेल्वे हद्दीजवळ म्हणून ना-हरकत हवी आहे, विमानतळामुळे उंचीचा दाखला हवा आहे. यावर भांडण्यात अर्थ नाही. कागद मिळवा आणि नव्याने प्रस्ताव टाका. मात्र एक फरक ध्यानात ठेवा. शेजाऱ्याने किंवा भावाने नुसता तक्रार अर्ज दिला म्हणून परवानगी नाकारली असेल तर ते कारण तपासून पाहण्यासारखे आहे. मालकीचा वाद सोडवणे हे नियोजन प्राधिकरणाचे काम नाही. अर्जदाराचा हक्क प्रथमदर्शनी दिसतो का, एवढेच त्याने पाहायचे. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम असेल तर गोष्ट वेगळी.

नकाशातली चूक. सामासिक अंतर (घराभोवती सोडायची मोकळी जागा) कमी पडले, चटई क्षेत्र (भूखंडावर करता येणारे एकूण बांधकाम) ओलांडले, जिन्याची रुंदी किंवा वाहनतळाची जागा बसत नाही. वास्तुविशारदाला विचारा: नकाशा बदलून हे बसते का, आणि घराचे किती नुकसान होते? एखादी खोली फूटभर आत घेऊन काम होत असेल तर सुधारित नकाशा टाका. मानापमानाचा प्रश्न करून अपिलात जाणारे अनेकजण असतात, आणि तोवर बांधकामाचा खर्च वाढत राहतो. भूखंडच वेडावाकडा असेल, नियम पाळला तर घर उभेच राहत नसेल, तर नियमावलीतच आयुक्तांना किंवा सक्षम अधिकाऱ्याला विशिष्ट बाबींत सवलत देण्याचा अधिकार आहे. खरी अडचण दाखवून ती सवलत मागायची असते. चटई क्षेत्र, अग्निसुरक्षा अशा बाबतींत तिचा उपयोग नाही. सवलत मागितलीच नसेल तर "सवलत दिली नाही" ही अपिलातली तक्रार फुसकी ठरते, म्हणून आधी ती लेखी मागा. १५० आणि ३०० चौरस मीटरपर्यंतच्या लहान भूखंडांसाठी यूडीसीपीआरने कमी जोखमीच्या बांधकामांची सोपी वाट ठेवली आहे. तुमचे घर तिच्यात बसते का हेही याच वेळी तपासा.

नियमाचा किंवा वस्तुस्थितीचा वाद. अपील खरे यासाठीच आहे. तुम्ही म्हणता रस्ता पुरेसा रुंद आहे, ते म्हणतात नाही. तुम्ही म्हणता अभिन्यास (ले-आउट) पूर्वी मंजूर झालेला आहे, ते म्हणतात दाखला दिसत नाही. विकास योजनेतली रस्त्याची रेषा भूखंडाला स्पर्श करते की करत नाही. बाल्कनी चटई क्षेत्रात मोजायची की नाही. एखादी जुनी अट नव्या नियमावलीतही लागू आहे की नाही. असे वाद कागद आणि नियम समोर ठेवून सुटतात, आणि स्थानिक कार्यालयाने एकदा घेतलेली भूमिका वरच्या पातळीवर तपासली जावी म्हणूनच कलम ४७ ठेवले आहे.

जमिनीलाच लागलेली अडचण. शेती किंवा ना-विकास क्षेत्र, विकास योजनेतले आरक्षण, नदीची निळी पूररेषा, तुकडेबंदी (जमिनीचे फार लहान तुकडे करण्यावरची बंदी). इथे प्राधिकरणाचा हात खरोखर बांधलेला असतो. कलम ४६ सांगते की परवानगी देताना विकास योजनेचा विचार केलाच पाहिजे. अपिलात योजना बदलून मिळत नाही. निळी रेषा साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची आणि लाल रेषा १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. दोन रेषांमध्ये काही अटींवर वाव असतो, निळ्या रेषेच्या आत जवळजवळ नसतो. रेषा चुकीची आखली आहे असे वाटत असेल तर दाद पाटबंधारे खात्याकडे मागायची.

आरक्षणाबद्दल थोडे जास्त सांगायला हवे, कारण इथे लोक चुकीच्या दारावर फार वेळ थांबतात. बागेचे, शाळेचे किंवा रस्त्याचे आरक्षण असलेल्या जमिनीवर घराची परवानगी नाकारली, तर नामंजुरीविरुद्ध अपील जवळपास निष्फळ असते. पण अंतिम विकास योजना अमलात येऊन १० वर्षे झाली आणि जमीन संपादित झाली नाही, तर कलम १२७ खाली मालक प्राधिकरणाला नोटीस देऊ शकतो. मालकीची कागदपत्रे तिच्यासोबत जोडावी लागतात. २०१५ च्या दुरुस्तीनंतर प्राधिकरणाला २४ महिने मिळतात. तेवढ्यात जमीन घेतली नाही आणि संपादनाची पावलेही उचलली नाहीत तर आरक्षण व्यपगत झाल्याचे, म्हणजे संपल्याचे, मानले जाते. "पावले उचलली" म्हणजे नुसता ठराव किंवा प्रस्ताव पाठवणे नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने गिरनार ट्रेडर्सच्या २००७ च्या निकालात सांगितले आहे. याशिवाय कलम ४९ खाली, परवानगी नाकारल्याने जमिनीचा वाजवी उपयोगच उरला नसेल तर ती खरेदी करून घ्या, अशी नोटीस शासनाला देता येते. त्यासाठी आधी रीतसर नामंजुरी हातात असावी लागते. म्हणजे या प्रकरणांत नामंजुरीचा आदेश हा पराभव नसून पुढच्या कारवाईचा पहिला कागद असतो.

एकाच आदेशात चारही खणांतली कारणे असू शकतात. तेव्हा सर्वांत जड कारणावरून मार्ग ठरवा. तीन कारणे कागदांची आणि एक निळ्या रेषेचे असेल तर कागद गोळा करत बसून उपयोग नाही.

नस्ती पाहा

आदेश दोन परिच्छेदांचा असतो, पण त्यामागची नस्ती, म्हणजे कार्यालयातली फाइल, जाडजूड असते. तीत कनिष्ठ अभियंत्याचा स्थळ पाहणी अहवाल, नगररचनाकाराची टिप्पणी, कधी वरिष्ठाचा उलटा शेरा सापडतो. खालच्या अधिकाऱ्याने "मंजुरीस हरकत नाही" लिहिले आणि वर ते बदलले, तर का बदलले हे आदेशात दिसले पाहिजे.

ऑनलाइन प्रणालीत यातले बरेच शेरे वास्तुविशारदाच्या लॉगिनमध्ये दिसतात. ते आजच उतरवून घ्या. बाकीसाठी माहिती अधिकाराचा अर्ज. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. अपिलाचे ४० दिवस आणि हे ३० दिवस एकाच वेळी धावतात, म्हणून हा अर्ज आदेश मिळाला त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी गेला पाहिजे. "संपूर्ण माहिती द्यावी" असे मोघम लिहू नका. अशी मागणी करा: "प्रस्ताव क्रमांक … च्या नस्तीतील सर्व टिप्पणी पृष्ठे, स्थळ पाहणी अहवाल, अंतर्गत विभागांचे अभिप्राय व नामंजुरीचा मसुदा यांच्या साक्षांकित प्रती, तसेच मूळ नस्तीचे निरीक्षण." निरीक्षणाची मागणी मुद्दाम घालावी, कारण प्रतींसाठी लागणारा वेळ त्यात वाचतो. उत्तर वेळेत आले नाही तरी अपील थांबवू नका. "नस्तीतील कागद मिळताच जादा मुद्दे मांडण्याची मुभा असावी" असे एक वाक्य अपिलात टाका.

सोबत झोन दाखला आणि विकास योजनेचा भाग नकाशा स्वतंत्रपणे काढा. प्रस्तावाबरोबर लावलेला जुना असेल तर ताजा घ्या. जागेचे फोटो काढताना रस्त्याची रुंदी मोजपट्टी धरून, तारीख दिसेल असे काढा.

अपिलाचा मसुदा

अपील राज्य शासनाकडे, म्हणजे नगरविकास विभागाकडे, किंवा शासनाने त्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे होते. तो अधिकारी उपसचिवापेक्षा खालच्या दर्जाचा असू शकत नाही. दाखल करण्याची नेमकी जागा, प्रतींची संख्या आणि शुल्क विभागाच्या संबंधित कार्यासनात विचारून घ्या. वकील लागतोच असे नाही, पण नियमाच्या अर्थावर वाद असेल तर नगररचनेची प्रकरणे चालवणारा वकील आणि तुमचा वास्तुविशारद एकत्र बसवणे हा सर्वांत चांगला खर्च.

मसुद्याचा सांगाडा साधा ठेवा. वर पक्षकार: तुम्ही अपिलार्थी, नियोजन प्राधिकरण प्रतिवादी. मग आक्षेपित आदेशाचा क्रमांक, तारीख आणि तो मिळाल्याची तारीख. पुढे हकीकत, पण कुटुंबाचा इतिहास नको: जमीन कधीपासून कोणाची, प्रस्ताव कधी दिला, त्रुटी कधी आल्या, पूर्तता कधी केली, आदेश कधी आला. मग मुद्दे, मग विनंती, मग परिशिष्टांची यादी आणि सत्यापन.

मुद्दे लिहिताना आदेशातल्या प्रत्येक कारणाला स्वतंत्र उत्तर हवे. एकही कारण अनुत्तरित राहिले तर बाकीचे जिंकूनही अपील फेटाळले जाऊ शकते. नमुना म्हणून एक काल्पनिक प्रकरण घेऊ. आदेशात लिहिले आहे, "भूखंडास लागून असलेला रस्ता ६.०० मी. पेक्षा कमी रुंदीचा असल्याने प्रस्ताव नामंजूर करण्यात येत आहे." त्यावर मुद्दे असे येतील:

"१. रस्त्याची रुंदी कोणत्या मोजणीवरून ठरवली याचा आक्षेपित आदेशात उल्लेख नाही. भूमी अभिलेख कार्यालयाच्या मोजणी नकाशात (परिशिष्ट ४) भूखंडाच्या संपूर्ण दर्शनी बाजूस रस्त्याची रुंदी ६.२० मी. दर्शवली आहे.

२. स्थळ पाहणी अहवालानुसार (परिशिष्ट ६, माहिती अधिकारात प्राप्त) रुंदी एकाच ठिकाणी, विजेच्या खांबापासून, मोजण्यात आली. रस्त्याच्या हद्दीपासून मोजणी झालेली नाही.

३. अपिलार्थीने संयुक्त मोजणीची लेखी मागणी केली होती (परिशिष्ट ५). तिच्यावर कोणताही निर्णय न घेता प्रस्ताव नामंजूर करण्यात आला."

"अन्यायकारक", "मनमानी", "सुडबुद्धीने" हे शब्द या तीन मुद्द्यांत कुठेच नाहीत, आणि त्यांची गरजही पडलेली नाही. आकडा आणि परिशिष्टाचा क्रमांक जे काम करतो ते विशेषणांनी होत नाही.

विनंतीत दोन थर ठेवा. मुख्य विनंती: आक्षेपित आदेश रद्द करून परवानगी द्यावी. पर्यायी विनंती: संयुक्त मोजणी करून ठरावीक मुदतीत फेरनिर्णय घेण्याचे निर्देश प्राधिकरणास द्यावेत. शासन अपील फेटाळू शकते, बिनशर्त परवानगी देऊ शकते किंवा अटी बदलून देऊ शकते. व्यवहारात प्रकरण फेरविचारासाठी परत जाण्याची शक्यता मोठी असते, म्हणून "ठरावीक मुदतीत" हे शब्द गाळू नका.

दोन कायदेशीर आधार घरमालकांच्या विशेष कामाचे आहेत. पहिला, आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे. सुनावणीत नवी कारणे जोडून तो सावरता येत नाही. मोहिंदरसिंग गिल विरुद्ध मुख्य निवडणूक आयुक्त या १९७८ च्या निकालातले हे तत्त्व सर्वत्र उद्धृत होते. त्या निकालाने ज्याचा आधार घेतला तो गोरधनदास भानजीचा जुना निकाल अंधेरीतल्या चित्रपटगृहाच्या बांधकाम परवान्याबद्दलच होता, ही गंमत वकिलाला जरूर सांगा. दुसरा आधार उलट्या बाजूने जपून वापरायचा. नकाशे मंजूर करताना मंजुरीच्या दिवशीचे नियम लागू होतात, अर्जाच्या दिवशीचे नाहीत, असे उस्मान गनी खत्री प्रकरणात १९९२ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. म्हणून "अर्ज केला तेव्हा नियम वेगळा होता" हा मुद्दा वाटतो तितका बळकट नाही.

आणि हमखास निघणारा मुद्दा: "शेजाऱ्याला दिली, मग मला का नाही?" शेजाऱ्याची परवानगी नियमबाह्य असेल तर ती तुमच्या उपयोगाची नाही. एक चूक झाली म्हणून दुसरी करा असे समानतेच्या नावाखाली मागता येत नाही, हे चंदीगड प्रशासन विरुद्ध जगजितसिंग (१९९५) मध्ये स्पष्ट झाले आहे. उलट तुमच्या तक्रारीमुळे शेजाऱ्याचेच घर अडचणीत यायचे. पण त्याच रस्त्यावर, त्याच नियमाखाली, प्राधिकरणाने रुंदी ६ मीटरपेक्षा जास्त धरून रीतसर परवानगी दिली असेल तर तो पुरावा आहे. ती मंजुरी नियमात बसते हे दाखवूनच जोडा.

सुनावणी

तारीख लागायला वेळ लागतो, आणि लागलेली तारीख पुढेही ढकलली जाते. दोन्ही बाजूंना म्हणणे मांडण्याची संधी देणे कायद्याने बंधनकारक आहे. बोलायला मिळणारी मिनिटे थोडी असतात. म्हणून एका पानावर तक्ता करून न्या: डावीकडे आदेशातले कारण, मध्ये तुमचे उत्तर, उजवीकडे परिशिष्ट आणि पान क्रमांक. वास्तुविशारद सोबत असावा आणि नकाशाची मोठी प्रत असावी. प्राधिकरणाच्या प्रतिनिधीने नवे कारण काढले तर चिडू नका. ते आदेशात नाही एवढे नोंदवून घ्या, आणि लेखी युक्तिवाद देण्याची परवानगी मागा.

अपील चालू असताना सुधारित प्रस्ताव टाकता येतो का? टाकता येतो, पण "अपिलातील हक्क अबाधित ठेवून" असे त्यावर लिहा. नाहीतर तुम्ही नामंजुरी मान्य केली असा अर्थ काढला जाईल. व्यवहारी माणसाने दोन्ही वाटा खुल्या ठेवाव्यात.

या सगळ्या काळात जागेवर पाया खणायचा नाही. परवानगीशिवाय केलेले काम अनधिकृत ठरते, कलम ५३ ची नोटीस येते, आणि ज्या अपिलात तुमची बाजू खरी होती तिथेही तुम्ही नियम मोडणारे म्हणून उभे राहता.

साठ दिवसांची मानीव परवानगी

कलम ४५ (५) प्रमाणे ६० दिवसांत निर्णय कळवला नाही तर परवानगी दिली असे मानले जाते. प्राधिकरणाने काही विचारले असेल तर हे ६० दिवस तुमच्या उत्तरापासून नव्याने मोजायचे. हे वाचून लोक आनंदाने पाया घेतात आणि पुढचे वाक्य वाचत नाहीत: प्रस्ताव सर्व नियमांत आणि विकास योजनेत काटेकोर बसत असेल तरच. बसत नसेल तर तेच बांधकाम अनधिकृत. आणि बसतो की नाही हे शेवटी ठरवणार कोण, यावरच भांडण होते. माझे मत असे की मानीव परवानगी हे बांधकाम सुरू करण्याचे हत्यार म्हणून वापरू नये, युक्तिवाद म्हणून वापरावे. ६१ व्या दिवशी लेखी कळवा की मुदत संपली आहे आणि प्रारंभ प्रमाणपत्र द्यावे. नंतर नामंजुरी आली तर अपिलात हा पहिला मुद्दा घ्या.

नुसता उशीर होत असेल, निर्णयच येत नसेल, तर कलम ४७ कामाचे नाही. तिथे महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ पाहा. बांधकाम परवानगीची सेवा आणि तिचे दिवस तुमच्या कार्यालयाच्या फलकावर अधिसूचित असतील तर मुदत संपल्यापासून ३० दिवसांत पहिले अपील करता येते. त्यातून निर्णय लवकर मिळतो, अनुकूलच मिळेल असे नाही.

उच्च न्यायालय कधी?

दिवाणी दावा सहसा चालत नाही. कलम १४९ या कायद्याखालील आदेशांना अंतिम ठरवते. उरतो संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील रिट अर्ज. अपिलाचा मार्ग उपलब्ध असताना थेट गेलात तर न्यायालय बहुधा "आधी अपील करा" म्हणून परत पाठवते, आणि तोवर ४० दिवस उलटून गेलेले असतात. याला अपवाद आहेत: म्हणणे न ऐकता आदेश दिला, अधिकारच नसलेल्या अधिकाऱ्याने दिला, मूलभूत हक्काचा भंग झाला किंवा नियमाच्याच वैधतेला आव्हान द्यायचे आहे. व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या १९९८ च्या निकालात ही यादी आहे. अपील फेटाळले गेल्यानंतर मात्र रिटचाच मार्ग उरतो. मालमत्ता ज्या जिल्ह्यात त्याप्रमाणे मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेले कोल्हापूर सर्किट बेंच.

न्यायालय स्वतः नकाशा मंजूर करील ही अपेक्षा ठेवू नका. आदेश सदोष असेल तर तो रद्द करून ठरावीक आठवड्यांत फेरनिर्णय घ्या, असे ते सांगते. तांत्रिक मोजमापांत ते शक्यतो शिरत नाही. म्हणूनच मोजणी, फोटो, संयुक्त पाहणीची मागणी हे सगळे अपिलाच्या टप्प्यावरच नोंदले गेलेले असावे.

मंजुरी मिळाली की

अपील मान्य झाल्यावर आदेशाची साक्षांकित प्रत पत्रासोबत स्वतः नियोजन प्राधिकरणाकडे द्या. विभागाकडून ती पोहोचेल म्हणून थांबू नका. विकास शुल्क आणि इतर आकारणीचे चलन मागा, भरणा करा आणि बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्र हातात आल्यावरच काम काढा. कलम ४८ प्रमाणे परवानगी एक वर्ष टिकते. पुढे अर्ज करून दरवर्षी मुदत वाढवता येते, पण वाढीव मुदत एकूण तीन वर्षांपलीकडे जात नाही. कर्जाची व्यवस्था अजून व्हायची असेल तर या तारखा बँकेच्या फाइलवरही लिहून ठेवा.